जोसेफ ब्लॅक : उष्णतेचे माप शिकविणारा शिक्षक

शालान्त परीक्षेला बसणाऱ्या प्रत्येक विद्यार्थ्याला विज्ञानाच्या पुस्तकातील एक सूत्र पाठ असते. उष्णता म्हणजे वस्तुमान गुणिले विशिष्ट उष्माधारकता गुणिले तापमानातील बदल. तीन आकडे मांडायचे, गुणाकार करायचा आणि उत्तरापुढे एकक लिहायचे. गुण मिळतात आणि विद्यार्थी पुढच्या पाठाकडे वळतो. या तीन आकड्यांपैकी वस्तुमान तराजू सांगतो, तापमान तापमापी सांगते. परंतु विशिष्ट उष्माधारकता ही राशी कोणत्याही उपकरणावर थेट वाचता येत नाही. ती डोळ्यांना दिसत नाही, हाताला कळत नाही. ती विचाराने ओळखावी लागली आणि प्रयोगाने सिद्ध करावी लागली. ज्या माणसाने हे काम केले त्याचे नाव जोसेफ ब्लॅक. तो व्यवसायाने शिक्षक होता. आमच्या विद्यालयाच्या या स्मरणिकेत त्याचे चरित्र सांगावे, असे आम्हांस वाटले, त्याचे मुख्य कारण हेच आहे.

शिंदखेड्याच्या माणसाला उष्णतेची ओळख करून देण्याची आवश्यकता नाही. वैशाखात दुपारी बुराईच्या पात्रातील वाळूवर अनवाणी पाय ठेववत नाही. पण त्याच पात्रात कुठे डोह शिल्लक असेल तर त्यातील पाणी फार तर कोमट असते. सूर्य एकच, ऊनही तेच. मग वाळू तापते आणि पाणी का तापत नाही? रात्री हा क्रम उलटतो. वाळू लवकर निवते, पाणी मात्र आपली ऊब राखून असते. आपल्या पूर्वजांनी हे पिढ्यान्‌पिढ्या पाहिले होते. जगातील सर्वच लोकांनी पाहिले होते. परंतु त्याचा हिशेब मांडावा, हे अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत कोणाला जमले नव्हते.

जोसेफ ब्लॅक यांचा जन्म १६ एप्रिल १७२८ रोजी फ्रान्समधील बोर्दो या बंदराच्या शहरी झाला. वडील जॉन ब्लॅक हे मूळचे बेलफास्टचे, स्कॉटिश वंशाचे मद्यव्यापारी होते. आई मार्गारेट गॉर्डन यासुद्धा स्कॉटिश घराण्यातील. कुटुंब मोठे होते. बाराव्या वर्षी जोसेफला शिक्षणासाठी आईवडिलांपासून दूर बेलफास्टला पाठविण्यात आले. लहान वयात घर सोडून शिकायला जाणे म्हणजे काय, हे आमच्या वसतिगृहाच्या माजी विद्यार्थ्यांना आम्ही वेगळे सांगावयास नको. पुढे स्कॉटलंडमधील ग्लासगो विद्यापीठात त्यांनी प्रवेश घेतला आणि वडिलांच्या सूचनेनुसार वैद्यकाचा अभ्यास सुरू केला.

ग्लासगोत त्यांना विल्यम कलेन हे गुरू लाभले. त्या काळी युरोपातील विद्यापीठांत विद्वत्तेची भाषा लॅटिन होती. ज्याला लॅटिन येत नसे त्याच्यासाठी ज्ञानाचे दार बंद असे. कलेन यांनी ही रूढी बाजूला सारून लोकांच्या बोलीत, म्हणजे इंग्रजीत व्याख्याने देण्यास आरंभ केला. आज इंग्रजीचा दबदबा पाहता हे विचित्र वाटेल. पण त्या वेळी वर्गात इंग्रजी बोलणे हे सामान्य माणसाच्या बाजूने उचललेले पाऊल होते. कलेन रसायनशास्त्र शिकवीत आणि त्याचा संबंध शेती, रंगकाम, कापड धुणे, मीठ तयार करणे अशा उद्योगांशी जोडून दाखवीत. तरुण ब्लॅक सुमारे तीन वर्षे त्यांचे प्रयोगशाळेतील साहाय्यक होते. ज्ञान आणि काम यांच्यात भिंत असू नये, ही शिकवण त्यांनी तेथे घेतली आणि ती आयुष्यभर पाळली.

१७५२ च्या सुमारास ब्लॅक वैद्यकाची पदवी पूर्ण करण्यासाठी एडिंबराला गेले. मूतखडा विरघळविण्यासाठी त्या काळी चुनकळीचे तीव्र औषध दिले जाई. त्याऐवजी काही सौम्य औषध सापडते का, या शोधात त्यांनी मॅग्नेशिया नावाच्या पांढऱ्या पुडीवर प्रयोग केले. ती तापविली की तिचे वजन घटते, हे त्यांच्या ध्यानी आले. घटलेले वजन गेले कुठे? प्रत्येक पायरीला तराजू वापरून त्यांनी दाखवून दिले की एक वेगळा वायू त्या पदार्थातून बाहेर पडतो. त्या वायूत दिवा विझतो. माणसाच्या उच्छ्वासातही तो असतो. आज त्यास आपण कार्बन डायऑक्साइड म्हणतो. पदवीचा प्रबंध १७५४ साली रिवाजाप्रमाणे लॅटिनमध्ये सादर झाला. परंतु १७५६ साली हेच प्रयोग विस्ताराने त्यांनी इंग्रजीत प्रसिद्ध केले. हवा म्हणजे एकच एक मूलतत्त्व, ही हजारो वर्षांची समजूत तेथून ढळू लागली. ब्लॅक यांचे वय तेव्हा अवघे अठ्ठावीस होते.

त्याच वर्षी कलेन एडिंबराला गेले आणि त्यांच्या जागी ग्लासगो विद्यापीठात ब्लॅक यांची नियुक्ती झाली. पुढील दहा वर्षे त्यांनी तेथे अध्यापन केले. उष्णतेविषयीचे त्यांचे सर्व महत्त्वाचे कार्य याच दहा वर्षांतील आहे.

त्या काळची समजूत आधी ध्यानात घेतली पाहिजे. तापमापी तेव्हा नवी राहिली नव्हती. डॅनियल फॅरनहाइट यांनी पाऱ्याची विश्वसनीय तापमापी बनवून काही दशके लोटली होती. फॅरनहाइटच्या मापाने पाणी ३२ अंशांना गोठते आणि २१२ अंशांना उकळते. परंतु तापमापी जो आकडा दाखवते तोच उष्णतेचा आकडा, असे बहुतेक विद्वान मानीत. दोन वस्तूंचे तापमान सारखे म्हणजे त्यांतील उष्णताही सारखी, अथवा वस्तू जितकी जड तितकी तिच्यात उष्णता अधिक, अशा कल्पना रूढ होत्या. तापमान आणि उष्णता या दोन भिन्न गोष्टी आहेत, हा विचार ब्लॅक यांनी मांडला. विहिरीतील पाण्याची पातळी आणि विहिरीतील एकूण पाणी या जशा दोन गोष्टी, तशाच ह्या दोन. अरुंद विहीर आणि रुंद विहीर यांत पाण्याची पातळी सारखी असेल, पण म्हणून पाणी सारखे असणार नाही. तापमापी पातळी सांगते. साठा सांगत नाही.

यासाठी त्यांनी एका जुन्या प्रयोगाकडे नव्या दृष्टीने पाहिले. हॉलंडमधील प्रसिद्ध वैद्यकशिक्षक हर्मन बूरहावे यांच्या सांगण्यावरून फॅरनहाइट यांनी पाणी आणि पारा एकत्र मिसळून पाहिला होता. समान आकारमानाचे पाणी आणि पारा घ्यावे. पाणी १०० अंशांवर आणि पारा १५० अंशांवर असावा. दोन्ही मिसळल्यावर मध्य म्हणजे १२५ अंश यावयास हवा, अशी अपेक्षा. प्रत्यक्षात मिश्रण १२० अंशांवर स्थिरावते. म्हणजे पाऱ्याने ३० अंश गमावले, पण तेवढ्या उष्णतेने पाणी केवळ २० अंश चढले. पारा तर पाण्याहून तेरापटींहून अधिक जड. जडपणाप्रमाणे उष्णता असती तर पाऱ्याने पाण्याला आपल्याजवळ ओढून नेले असते. झाले उलटेच.

हे आकडे बूरहावे यांच्याही समोर होते. परंतु त्यांचा अर्थ लावला तो ब्लॅक यांनी, १७६० च्या सुमारास. प्रत्येक पदार्थाची उष्णता धारण करण्याची क्षमता स्वतंत्र असते. ती त्याच्या वजनावर किंवा आकारावर ठरत नाही. ती मोजूनच जाणावी लागते. वरील आकड्यांवरून समान वजनाच्या पाण्याच्या तुलनेत पाऱ्याची क्षमता सुमारे विसाव्या हिश्श्याइतकी येते. आजच्या काटेकोर मापनाने ती तिसाव्या हिश्श्याइतकी ठरली आहे. आकडा सुधारला, विचार मात्र तोच राहिला. ब्लॅक आणि त्यांचे शिष्य विल्यम आयर्विन यांनी पुढे इतर पदार्थांची क्षमताही अशाच मिश्रणाच्या पद्धतीने मोजली. विशिष्ट उष्णता हे नाव नंतरच्या अभ्यासकांनी दिले.

ही पद्धत आपल्या घरातील बायकांना परकी नाही. आंघोळीच्या कढत पाण्यात विसण घालताना त्या हेच करीत असतात. समजा ८० अंश सेल्सिअसचे १० लिटर पाणी आहे आणि त्यात २० अंशांचे १० लिटर विसण घातले. मिश्रण बरोबर मध्यावर, ५० अंशांवर येईल. गरम पाण्याने गमावलेली उष्णता आणि थंड पाण्याने मिळविलेली उष्णता सारखी. आता गरम पाण्याऐवजी ८० अंशांपर्यंत तापविलेले १० किलो लोखंड त्या २० अंशांच्या १० लिटर पाण्यात बुडवा. मिश्रण ५० अंशांवर जाणार नाही. ते जेमतेम २६ अंशांवर थांबेल. लोखंडाची विशिष्ट उष्माधारकता पाण्याच्या सुमारे नवव्या हिश्श्याइतकीच आहे. लोहाराच्या भात्याशेजारी ठेवलेल्या पाण्याच्या हौदाला लालबुंद विळा सहज शांत करता येतो, तो यामुळेच.

आता सूत्र पुन्हा पाहू. आंघोळीची १५ लिटर पाण्याची बादली २० अंशांवरून ४० अंशांवर न्यायची आहे. पाण्याचे वस्तुमान १५ किलो. पाण्याची विशिष्ट उष्माधारकता एक, म्हणजे एक किलो पाणी एक अंशाने तापविण्यास एक किलोकॅलरी लागते. तापमानातील बदल २० अंश. गुणाकार केला की ३०० किलोकॅलरी. तितक्याच वजनाचे लोखंड तितकेच तापविण्यास केवळ ३३ किलोकॅलरी पुरतात. फरक सगळा त्या मधल्या आकड्यात आहे. वाळूचा हा आकडा पाण्याच्या सुमारे पाचव्या हिश्श्याइतका. शिवाय वाळूत ऊन खोलवर शिरत नाही. म्हणूनच बुराईची वाळू भाजते आणि डोह कोमट राहतो. सूत्रातील हे अक्षर पाठ करावयाचे नाही, ओळखावयाचे आहे. त्या अक्षरात पदार्थाचा स्वभाव दडलेला आहे.

ब्लॅक येथेच थांबले नाहीत. स्कॉटलंडमध्ये हिवाळ्यात बर्फ पडतो आणि वसंतात तो हळूहळू वितळतो. बर्फ वितळण्यास तापमान ३२ अंशांच्या थोडे वर जाणे एवढेच पुरेसे असते, तर पहिल्या उबदार दिवशीच सारे डोंगर एकदम पाणी होऊन वाहिले असते आणि दऱ्याखोऱ्यांतील गावे पुराने वाहून गेली असती. तसे होत नाही. बर्फ आठवडेच्या आठवडे टिकतो. ब्लॅक यांनी या रोजच्या दृश्यावरून प्रश्न उभा केला आणि १७६१ च्या सुमारास त्याचा प्रयोग मांडला.

पातळ काचेचे दोन सारखे गोल चंबू त्यांनी घेतले. दोहोंत सारखेच पाणी भरले. एकातील पाणी गोठवून बर्फ केला. दुसऱ्यातील पाणी ३३ अंशांपर्यंत थंड केले. दोन्ही चंबू ४७ अंश तापमानाच्या एका निवांत, मोठ्या दालनात टांगून ठेवले. पाण्याचा चंबू अर्ध्या तासात ४० अंशांवर आला. बर्फाच्या चंबूला तेथे पोहोचण्यास साडेदहा तास लागले. म्हणजे एकवीसपट वेळ. अर्ध्या तासात पाण्याने ७ अंशांची उष्णता घेतली, तर एकवीस अर्ध्या तासांत बर्फाने १४७ अंशांची घेतली असणार. पैकी वितळल्यानंतरच्या पाण्याला ३२ वरून ४० अंशांवर येण्यास ८ अंश लागले. उरलेले १३९ अंश गेले कुठे? तापमापीने तर त्या काळात काहीच दाखविले नव्हते. ती सारी उष्णता बर्फाचे पाणी होण्यात खर्ची पडली होती. ब्लॅक यांनी तिला अप्रकट उष्मा म्हटले. सेल्सिअसच्या मापात त्यांचा आकडा सुमारे ७७ येतो. आज आपण ८० शिकवितो. एक दालन, दोन चंबू, एक तापमापी आणि एक घड्याळ एवढ्या सामग्रीवर हे काम झाले. सामग्री नाही म्हणून प्रयोग होत नाहीत, ही तक्रार करताना आम्हां शिक्षकांना या दोन चंबूंची आठवण असावी.

२३ एप्रिल १७६२ रोजी त्यांनी हा शोध विद्यापीठातील मित्रमंडळापुढे वाचून दाखविला. त्याच वर्षी त्यांनी उकळत्या पाण्याचा विचार केला. तापलेल्या लोखंडी पत्र्यावर पाण्याचे भांडे ठेवले असता ५० अंशांचे पाणी ४ मिनिटांत उकळू लागले. पण ते सर्व आटून जाण्यास आणखी २० मिनिटे लागली. या वीस मिनिटांत आच तीच असून तापमापी २१२ च्या पुढे सरकली नाही. ब्लॅक यांनी हिशेब मांडला तो सुमारे ८१० अंशांचा. आजच्या मापनाने तो ९७० च्या जवळपास आहे. पाण्याची वाफ होताना उष्णता शोषली जाते, हे मात्र त्यांनी निःसंशय दाखविले. आपल्या घरातील मातीचा माठ याच नियमाने पाणी गार करतो. माठाच्या अंगातून झिरपणारे पाणी वाफ होताना आतल्या पाण्याची उष्णता घेऊन जाते. कुंभाराने माठ हजारो वर्षे घडविला. त्यामागील हिशेब ब्लॅक यांनी मांडला.

येथे इतिहासाचा विद्यार्थी म्हणून एक गोष्ट नमूद करणे आम्हांस अगत्याचे वाटते. जेम्स वॅट हा तरुण कारागीर ग्लासगोत उपकरणे बनविण्याचा व्यवसाय करू इच्छित होता. परंतु त्या शहरात धातुकाम करणाऱ्यांचा एक संघ होता आणि नियमाप्रमाणे सात वर्षांची उमेदवारी न केलेल्या माणसास तेथे दुकान थाटता येत नसे. कोणी कोणते काम करावे हे गुणावर न ठरता रूढीने ठरावे, ही व्यवस्था आपल्या समाजाला काही नवी नाही. विद्यापीठाने वॅटला आपल्या आवारात जागा दिली. १७५७ पासून तो तेथे काम करू लागला. प्राध्यापक ब्लॅक त्याच्या कामाच्या ओट्याशी जाऊन बसत. प्राध्यापकाला उपकरण हवे असे, कारागिराला कारण हवे असे. दोघांची मैत्री आयुष्यभर टिकली. ब्लॅक यांनी वॅटला प्रयोगांसाठी पैसेही उसने दिले.

१७६३-६४ च्या हिवाळ्यात विद्यापीठातील न्यूकोमेन इंजिनाची एक छोटी प्रतिकृती वॅटकडे दुरुस्तीला आली. ते इंजिन वाफ भयंकर खाई आणि काम थोडे करी. वॅटने मोजले तेव्हा त्याला दिसले की थोडीशी वाफ आपल्या वजनाच्या सहापट थंड पाण्याला उकळत्या बिंदूपर्यंत नेते. हे कोडे घेऊन तो ब्लॅक यांच्याकडे गेला आणि ब्लॅक यांनी त्याला अप्रकट उष्म्याचा सिद्धान्त समजावून सांगितला. इंजिनाच्या नळकांड्याला प्रत्येक फेरीत थंड करून पुन्हा तापविण्यात किती उष्णता वाया जाते, याचा हिशेबही वस्तुमान, उष्माधारकता आणि तापमानातील बदल यांचाच होता. १७६५ साली वॅटने वाफ थंड करण्यासाठी वेगळे पात्र जोडण्याची युक्ती काढली. १७६९ साली तिचे एकस्व मिळविले. युक्ती वॅटची स्वतःची होती, आणि हे त्याने नेहमी स्पष्ट सांगितले. परंतु उष्णता मोजण्याची दृष्टी त्याला ज्या वातावरणात मिळाली ते ब्लॅक यांनी निर्माण केले होते.

तापी खोऱ्यातून जाणारी सुरत-भुसावळ ही लोहमार्गाची वाट विसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर तयार झाली. शिंदखेडा, दोंडाईचा, नरडाणा ही आपली स्थानके त्याच वाटेवरील. कित्येक दशके या मार्गावर वाफेची इंजिने धावली. आज ती नाहीत. पण भुसावळजवळच्या दीपनगर येथील औष्णिक केंद्रात कोळशाच्या आचेवर पाण्याची वाफच होते आणि तीच चक्र फिरवून वीज देते. किती कोळशाला किती वाफ, हा तेथील रोजचा हिशेब आहे. ग्लासगोच्या त्या दालनातील दोन चंबूंपासून आपल्या घरातील दिव्यापर्यंत एक सलग धागा आला आहे.

आपल्या देशातही उष्णतेशी रोज व्यवहार करणारे लोहार, कुंभार, तांबट होते. त्यांच्या हाताला जे ठाऊक होते ते थोडेथोडके नव्हते. परंतु ज्याच्या हाती हातोडा त्याच्या हाती लेखणी येऊ दिली गेली नाही, आणि ज्याच्या हाती लेखणी होती त्याने भट्टीजवळ बसणे कमीपणाचे मानले. हात आणि बुद्धी एका खोलीत येऊ न देण्याची किंमत एखादी जातच नव्हे, तर सारा देश मोजतो. ग्लासगोत प्राध्यापक आणि कारागीर एकत्र आले, याचे महत्त्व आम्ही याच कारणासाठी मानतो. त्या समाजाला आदर्श ठरविण्याचा मात्र आमचा हेतू नाही. ग्लासगोची त्या काळची भरभराट अमेरिकेतील गुलामांच्या श्रमावर पिकलेल्या तंबाखूच्या व्यापारावर उभी होती, आणि त्या विद्यापीठात स्त्रियांना प्रवेश नव्हता. इतिहास सांगताना उजेड आणि सावली दोन्ही दाखविणे भाग आहे.

१७६६ साली ब्लॅक एडिंबरा विद्यापीठात रसायनशास्त्राचे प्राध्यापक झाले. तेथे त्यांनी सुमारे तीस वर्षे अध्यापन केले. त्या काळी प्राध्यापकाचे उत्पन्न विद्यार्थ्यांच्या फीवर अवलंबून असे. वर्ग भरला तरच घर चाले. ब्लॅक यांचा वर्ग नेहमी भरलेला असे. वैद्यकाच्या विद्यार्थ्यांबरोबर उद्योगधंद्यांतील माणसेही तेथे येऊन बसत. ब्लॅक यांचे बोलणे संथ आणि स्वच्छ होते. आवाज हळू असूनही शेवटच्या बाकापर्यंत पोहोचे. प्रयोग करताना एका भांड्यातून दुसऱ्या भांड्यात द्रव ओतताना थेंबही सांडत नसे, असे त्यांच्या विद्यार्थ्यांनी लिहून ठेवले आहे. नायट्रोजनचा शोध लावणारे डॅनियल रदरफोर्ड हे त्यांचे शिष्य. अमेरिकेहून आलेला बेंजामिन रश हा दुसरा शिष्य; त्याने १७६९ पासून फिलाडेल्फियात रसायनशास्त्र शिकविले आणि १७७३ साली गुलामगिरीविरुद्ध पुस्तिका लिहिली.

अर्थशास्त्रज्ञ ॲडम स्मिथ, तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम आणि भूगर्भशास्त्राचे जनक जेम्स हटन हे ब्लॅक यांचे जिवलग मित्र होते. ह्यूम यांच्या अखेरच्या आजारात वैद्य म्हणून ब्लॅक यांनीच त्यांची शुश्रूषा केली. स्वतः ब्लॅक यांची प्रकृती लहानपणापासून नाजूक होती. त्यांनी विवाह केला नाही. साधा आहार, बेताची मेहनत आणि थोडे बासरीवादन, असे त्यांचे जीवन होते.

या चरित्रात एक उणीव आहे आणि ती झाकून ठेवणे योग्य नाही. उष्णतेवरील आपले संशोधन ब्लॅक यांनी हयातीत कधीच पुस्तकरूपाने प्रसिद्ध केले नाही. प्रत्येक वर्षी ते वर्गात सांगत. विद्यार्थी वह्यांत उतरवून घेत. त्या वह्यांच्या नकला दूरदूर फिरत. परिणाम असा झाला की १७७२ साली स्वीडनमध्ये योहान विल्के यांनी स्वतंत्रपणे बर्फाचा अप्रकट उष्मा मोजून प्रसिद्ध केला, आणि पुढे १७८० च्या दशकात फ्रान्समध्ये लॅव्हाझिए आणि लाप्लास यांनी वितळलेल्या बर्फाच्या वजनावरून उष्णता मोजण्याचे यंत्र बनविले. कोणी आधी काय केले, यावर पुढे बराच वाद झाला. प्रकृती, संकोच आणि परिपूर्णतेचा आग्रह ही ब्लॅक यांच्या मौनाची कारणे असावीत. परंतु लिहून न ठेवलेले ज्ञान नाहीसे होऊ शकते, ही गोष्ट ज्या समाजाचा इतिहास दुसऱ्यांनी लिहिला त्या समाजाने तर कधीच विसरू नये. विद्यार्थ्यांच्या वह्या नसत्या तर ब्लॅक यांच्या कार्याचा मोठा भाग आपल्यापर्यंत आलाच नसता.

१७९९ च्या अखेरीस, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी, एडिंबरात त्यांचे निधन झाले. ते खुर्चीत बसले होते, मांडीवर दुधाचा पेला होता. प्राण गेला तरी पेला कलंडला नाही आणि दूध सांडले नाही, असे त्यांच्या मित्रांनी नोंदविले आहे. एडिंबराच्या ग्रेफ्रायर्स दफनभूमीत त्यांचा देह विसावला आहे. त्यांचे शिष्य आणि मित्र जॉन रॉबिसन यांनी ब्लॅक यांची टिपणे एकत्र करून १८०३ साली त्यांची व्याख्याने दोन खंडांत प्रसिद्ध केली.

उष्णता म्हणजे नेमके काय, या प्रश्नावर ब्लॅक यांनी कधी घाईने निर्णय दिला नाही. ती एखादा सूक्ष्म द्रव असावी की पदार्थाच्या कणांची हालचाल, यावर तेव्हा दोन मते होती. पुरावा पुरेसा नसताना मत ठोकून देणे त्यांच्या स्वभावात नव्हते. १८४० च्या दशकात मँचेस्टरच्या जेम्स ज्यूल यांनी पडत्या वजनाने पाणी घुसळून त्याचे तापमान वाढविले आणि उष्णता ही ऊर्जेचेच रूप असल्याचे सिद्ध केले. त्या प्रयोगातही पाण्याचे वस्तुमान, त्याची उष्माधारकता आणि तापमानातील बदल यांचाच गुणाकार होता. आज एक किलो पाणी एक अंश सेल्सिअसने तापविण्यास सुमारे ४१८६ ज्यूल लागतात, असे आपण शिकवितो. द्रवाची कल्पना गेली, एकक बदलले. ब्लॅक यांचे माप मात्र टिकले, कारण ते मतावर नव्हे, मोजणीवर उभे होते.

आमच्या विद्यालयातून बाहेर पडलेले विद्यार्थी आज निरनिराळ्या क्षेत्रांत कार्यरत आहेत. कोणी वीजकेंद्रात आहे, कोणी शेतात, कोणी दवाखान्यात, कोणी फळ्यासमोर. त्यांना आणि आमच्या पालकांना आम्ही एवढेच सांगू इच्छितो की, मूल अभ्यासाला बसले असता त्याला सूत्र म्हणून दाखवावयास सांगू नका. विसणाच्या बादलीकडे, माठाकडे, नदीच्या वाळूकडे बोट दाखवून त्याला कारण विचारा. उत्तर आपल्याला येत नसेल तर दोघांनी मिळून शोधा. आणि आपण ज्या कामात आहात त्यातील जे आपणांस कळले आहे, ते आपल्या भाषेत लिहून विद्यालयाकडे पाठवा. ते आमच्या मुलांच्या वह्यांत उतरेल, आणि ज्या मुलाला आज फक्त गुणाकार येतो, त्याला उद्या त्या गुणाकारातील मधल्या अक्षराचा अर्थही कळेल.